राणीचे फुलपाखरू

फुलपाखरू म्हटले की झेंडूवर क्षणभर टेकणारा, फुंकरीनेही उडून जाईल असा नाजूक जीव आपल्या डोळ्यांपुढे येतो. पापुआ न्यू गिनी या देशाच्या ओरो प्रांतातील घनदाट वर्षावनात मात्र या समजुतीला धक्का देणारे एक फुलपाखरू राहते. त्याच्या मादीने पंख पसरले म्हणजे या टोकापासून त्या टोकापर्यंतचे अंतर २५ सेंटिमीटरांहूनही अधिक भरते. मोठ्या माणसाची वीतसुद्धा तेथे अपुरी पडावी! जगातील सर्व फुलपाखरांत आकाराने हेच मोठे.

१९०६ साली आल्बर्ट मीक या संग्राहकाने त्याची पहिली मादी मिळवली, तीही जाळीने नव्हे, बंदुकीचा बार काढून. दुसऱ्याच वर्षी इंग्लंडातील वॉल्टर रॉथ्सचाइल्ड यांनी तिला अलेक्झांड्रा राणीचे नाव दिले. मान मोठा खरा. पण तो छर्‍यांनी घायाळ होऊन मिळाला, ही गोष्ट मनाला लागते. नाव राणीचे असले, तरी राजवस्त्र नेसला आहे तो नर. त्याच्या पंखांवर निळ्या-हिरव्या रंगाचे झळाळते पट्टे असतात आणि उदर सोन्यासारखे पिवळे दिसते. मादी त्याच्याहून थोर, परंतु वेष साधा : तपकिरी पंख आणि त्यांवर फिकट ठिपके.

ही फुलपाखरे बहुधा वृक्षांच्या शेंड्यांवरून उडतात. मादी खाली उतरते ती एका वेलीच्या शोधात. ही वेल आपल्याकडील ईश्वरीच्या कुळातली. त्या कुळातील मोजक्या वेलींवाचून तिच्या पिलांना दुसरे अन्न चालत नाही. म्हणून मादी आपली अंडी तेथेच घालते. (सह्याद्रीच्या रानांत याच घराण्यातले, आकाराने लहान असे एक फुलपाखरू आढळते. त्याचे सुरवंटही ईश्वरीच्याच जातीच्या वेलींवर वाढतात. घराणे दूर गेले, पण आवड बदलली नाही!)

वेलीच्या पानांत विष असते. सुरवंटाला ते बाधत नाही. उलट तो ते आपल्या शरीरात साठवून ठेवतो. काळ्या अंगावर तांबडे काटे आणि मध्ये एक पिवळसर पट्टा, असे त्याचे रूप म्हणजे पक्ष्यांना दिलेली ताकीदच होय. यथावकाश तो कोष करतो. अंड्यापासून पंख फुटेपर्यंत सुमारे चार महिने लोटतात. कोषातून बाहेर पडण्याची वेळही कशी नेमकी! पहाटेनंतरची, हवेत भरपूर ओलावा असतानाची. चुरगळलेले एवढे मोठे पंख पुरते उलगडण्याआधीच वाळले, तर ते जन्मभर वाकडेच राहतील.

एवढ्या तयारीचा हा जीव. पण त्याचे सारे बळ त्या वेलीपाशी अडते. २१ जानेवारी १९५१ रोजी तेथील लॅमिंग्टन पर्वताचा स्फोट झाला. सुमारे तीन हजार माणसे मृत्युमुखी पडली आणि या फुलपाखराचे कितीतरी रान भस्मसात झाले. पुढे रानाची भूमी तेलताडाच्या लागवडीखालीही जाऊ लागली. १९६६ च्या कायद्याने या फुलपाखराला संरक्षण मिळाले. आज देशोदेशींच्या कराराने त्याच्या व्यापारावरही बंदी आहे. तरीसुद्धा संग्राहकांचा लोभ पुरता सुटलेला नाही, आणि चोरून विक्री करणारे अधूनमधून पकडले जातात.

कायदा माणसाचा हात धरू शकतो. तोडलेले रान तो पुन्हा उभे करू शकत नाही. वेल लावता येते, हे खरे. परंतु या मादीला लागते ती उंच वृक्षांच्या अंगाखांद्यांवरून उन्हापर्यंत चढत गेलेली वेल. तसा वृक्ष वाढायला माणसाचे एक आयुष्यही पुरे पडत नाही, आणि त्या फुलपाखराच्या पंखांना तर अवघे तीन महिने मिळालेले असतात.