दादीमाँचा 'नको'

आमच्या कुंडलच्या घरात नवी वस्तू आली की दादीमाँचा पहिला शब्द ठरलेला, "नको!" मिक्सर आला, तर चटणीला पाट्यावरची चव नाही. गॅस आला, तर भाकरीला चुलीचा वास नाही. सहा महिन्यांनी लाईट गेली की "आता मसाला कशात वाटायचा?" म्हणून सर्वांत आधी कुरकुरणाऱ्याही त्याच. आम्ही पोटभर हसायचो.

पण हा 'नको' आमच्या घरापुरता नाही. 1903 च्या सुमारास लक्ष्मणराव किर्लोस्करांनी बेळगावात लोखंडी नांगर बनवला, तेव्हा शेतकरी म्हणाले, लोखंडानं जमिनीला विष चढेल! पहिले नांगर खपायला दोन वर्षं लागली. 1910 साली औंध संस्थानानं कुंडल रोड स्टेशनजवळचा निवडुंगाचा माळ दिला. तिथं कारखाना उभा राहिला आणि पुढं स्टेशनचं नावही किर्लोस्करवाडी झालं. नांगर गावोगाव गेला. जमीन काही मेली नाही. आज त्याच रानांत ऊस डुलतोय.

शेतकऱ्यांना हसण्याआधी आपल्या घरातही डोकवावं. अल-जझरी यांनी 1206 साली यंत्रांवरचा ग्रंथ पूर्ण केला. त्यात हत्तीच्या पाठीवरचं घड्याळ आहे आणि दोन सिलिंडरांनी पाणी ओढून वर चढवणारा पंपही. आमच्या विहिरीवरच्या पंपाचा तो पूर्वजच म्हणायचा! असा वारसा आपला. आणि छापखाना? युरोपात तो 1450 च्या सुमारास सुरू झाला. इस्तंबूलमध्ये इब्राहिम मुतफर्रिका यांना तुर्की पुस्तकं छापायची परवानगी मिळाली 1727 साली, तीही दीनी किताबं वगळून. पावणेतीनशे वर्षं आपण 'नको'च म्हणत बसलो.

यंदा दहावीचा निकाल लागला. लेक म्हणाली, "मला मेकॅनिकलचा डिप्लोमा करायचाय." आम्ही सगळे एका सुरात म्हणालो, "नको! यंत्रांचं काम मुलींचं नव्हे." लेकीचा चेहरा उतरला.

कोपऱ्यात तसबीह फिरवणाऱ्या दादीमाँ थांबल्या. म्हणाल्या, "मी मिक्सरला नको म्हटलं, तवा तुम्ही हसलात. आता मी हसू का?"

आम्हांला उत्तर सुचलं नाही. सोमवारी फॉर्म भरला.