मिठीचे माहेर

आम्ही कुर्ल्याचे, मिठीच्या काठचे. सगळे तिला नालाच म्हणतात. पण तिचे माहेर संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या डोंगरात आहे. विहार तलाव भरून वाहू लागला की पवईचे पाणी सोबत घेऊन ती माहीमच्या खाडीकडे निघते.

२६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला. त्यातच समुद्राला भरती. पुढे वाट मिळेना, तेव्हा नदी आमच्या घरांत शिरली. धान्य, मुलांची दप्तरे, शिधापत्रिका, सारे चिखलात गेले. मागाहून राहण्याचा पुरावा मागितला गेला. तो तर नदीनेच नेला होता!

वर आरोप हा, की झोपड्यांनी नदी अडवली. काठावर आमची घरे आहेत, हे खरेच. पण विमानतळाच्या धावपट्टीसाठी नदी वळवली गेली, वांद्रे-कुर्ला संकुलासाठी खारफुटीच्या दलदलीत भराव पडला, तो काही आमच्या घमेल्यांनी नव्हे.

नदीला तिची जुनी रुंदी परत मिळावी, असे आम्हालाही वाटते. पुराची पहिली झळ आम्हालाच बसते. मग मोजणी मात्र दरवेळी आमच्याच उंबऱ्यापासून का सुरू व्हावी?