लालबागचा फूड वॉक आणि आईची खाणावळ

मंडळी, हल्ली 'फूड वॉक' नावाचा एक प्रकार निघाला आहे. एखाद्या जुन्या वस्तीतून वाटाड्याबरोबर पायी हिंडायचे, ठिकठिकाणी थांबून थोडेथोडे खायचे आणि मधल्या वाटेत त्या वस्तीचा इतिहास ऐकायचा. दोन-तीन तासांचा कार्यक्रम, पैसे आगाऊ भरायचे. हिंडत खाणे आपल्याला नवे नाही. जत्रेत आपण दुसरे काय करतो? पण जत्रेत कोणी भज्यांचा इतिहास सांगत नाही, एवढाच फरक!

माझी नात (मुलीची मुलगी) हॉटेल मॅनेजमेंटच्या शेवटच्या वर्षाला आहे. तिने गेल्या डिसेंबरात अशा एका फेरीची दोन तिकिटे काढली. फेरी लालबाग-परळची. बदललेले गिरणगाव खात खात बघा, अशी काहीशी जाहिरात होती. माणशी १,८०० रुपये. मी वयाच्या सातव्या वर्षापासून लग्न होईपर्यंत लालबागच्या चाळीत राहिले आणि पुढे त्याच भागातल्या शाळेत चौतीस वर्षे शिकवले. मला लालबाग दाखवायचे १,८०० रुपये, याची मला गंमत वाटली. नात म्हणाली, "आजी, तो सांगेल ते आधी ऐक. मग तू सांग. मला दोन्ही ऐकायचंय."

आम्ही नऊ जण होतो. वाटाड्या पंचविशीतला मुलगा, बोलायला गोड, तयारी चांगली केलेली. शिक्षकाला तयारी लगेच कळते. मुंबईची पहिली कापडगिरणी १८५६ साली ताडदेवला सुरू झाली, मग गिरण्या वाढत गेल्या, कोकणातून आणि घाटावरून माणसे आली, एकेका खोलीत दहा-दहा, पंधरा-पंधरा राहिली, हे त्याने नेटके सांगितले. पाळीप्रमाणे माणसे झोपायलाही आलटून पालटून येत, हेसुद्धा त्याला ठाऊक होते.

पहिला मुक्काम चिवडा गल्लीत. पातळ पोह्यांचा, भाजक्या पोह्यांचा, मक्याचा असे चिवडे आम्ही तळहातावर घेऊन खाल्ले. तिथून मसाल्याच्या बाजारात. तिथे शिरताच सगळ्यांना एकदम शिंका आल्या आणि बंगळूरहून आलेल्या दोघींची फार धांदल उडाली. बेडगी रंगाला, संकेश्वरी तिखटपणाला, मग धणे, दगडफूल, नागकेशर, त्रिफळा असे एकेक जिन्नस दुकानदाराने दाखवले. आपल्या पसंतीने माल घ्यायचा, तिथेच भाजून घ्यायचा आणि समोर उभे राहून कुटून घ्यायचा, ही पद्धत अजून तशीच आहे. मार्च ते मे या दिवसांत इथे पाय ठेवायला जागा नसते. उपनगरांत गेलेल्या लालबागकरणीसुद्धा वर्षाच्या मसाल्यासाठी इथेच येतात. मीही येते. घर बदलले तरी आमटीचा रंग बदलून चालत नाही ना!

पुढे लालबागच्या राजाच्या जागेपाशी आम्ही थांबलो. त्या मुलाने सांगितलेली गोष्ट बऱ्याच जणांना माहीत नसते. आज नवसाचा गणपती म्हणून ज्याच्यासाठी तासन्‌तास रांगा लागतात, त्याच्या जन्मामागे एक बाजार आहे. पेरू चाळीपाशी भरणारा बाजार १९३२ साली बंद झाला. कोळी आणि इतर विक्रेते उघड्यावर आले. बाजाराला कायमची जागा मिळावी म्हणून त्यांनी नवस केला, जागा मिळाली आणि १९३४ साली गणपती बसला. म्हणजे पहिला नवस मासळी, भाजी विकायला चार हात जागा मिळावी एवढाच होता. हे मी शाळेत मुलांना दरवर्षी सांगत असे.

मग आम्ही एका चाळीच्या तोंडाशी आलो. आमचीच चाळ. फेरीत ती 'फोटो थांबा' म्हणून होती. वाटाड्या म्हणाला, "या चाळींमध्ये खाणावळी चालत. एकट्या राहणाऱ्या कामगारांना घरगुती जेवण मिळायचं. आज ज्याला होम डायनिंग म्हणतात, त्याचीच ही सुरुवात." सगळ्यांनी फोटो काढले. नातीने माझ्याकडे पाहिले.

दुसऱ्या मजल्यावरच्या डावीकडून तिसऱ्या खोलीत माझ्या आईची खाणावळ होती. खोली दहा बाय बाराची. वडील गिरणीत साचेवाले. आम्ही पाटणकडचे, त्यामुळे मेंबरही बहुतेक तिकडचेच, सतरा जण. आई चारला उठायची, कारण पहिल्या पाळीवाल्यांना सकाळी डबा लागे. दुपारी दुसऱ्या पाळीचे जेवून जात, रात्री पहिल्या पाळीचे बसत, आणि रातपाळीवाल्यांची वेळ वेगळीच. भोंग्यावर आमच्या घरातली चूल चाले. भाकरी, चपाती, कालवण, आमटी, भात, रविवारी मटण. मी आणि अण्णा (माझा मोठा भाऊ) गॅलरीत कंदिलाएवढ्या दिव्याखाली अभ्यास करायचो, कारण आत पंगत असे.

हे सगळे मी तिथे उभ्या उभ्या थोडक्यात सांगितले. वाटाड्याने मनापासून ऐकले, वहीत टिपूनही घेतले. मग नातीने विचारले, "आजी, पणजीला यातून सुटायचे किती?"

आईचा हिशेब मला पाठ आहे, कारण वही मीच लिहीत असे. १९७५ च्या सुमारास माणशी ६० रुपये महिना. सतरा मेंबरांचे १,०२० रुपये. त्यातून वाणी, भाजी, रॉकेल, कोळसा, दळण वजा जाता शंभर-सव्वाशे उरत. तेही सगळ्यांनी वेळेवर दिले तर. तिची पहाटे चारपासून रात्री अकरापर्यंतची मेहनत त्या हिशेबात कुठल्याच रकान्यात नव्हती. वाण्याकडे उधारी असे आणि उधारी फेडायला सावकार. त्याच साली, म्हणजे १९७५ मध्ये, प्रेमाताई पुरव यांनी खाणावळवाल्या बायकांसाठी अन्नपूर्णा महिला मंडळ काढले. बायकांचे गट करून त्यांना बँकेचे कर्ज मिळवून दिले. तारण ठेवायला ज्यांच्याकडे काही नाही, त्यांची बँकेत पत निर्माण झाली. आईनेही पुढे त्यात कर्ज काढले आणि सावकाराच्या तावडीतून सुटली. बँकेच्या कागदावर 'व्यवसाय' या शब्दापुढे तिने मला 'खाणावळ' असे लिहायला लावले. तोवर जनगणनेवाले आले की ती 'घरकाम' सांगायची.

१८ जानेवारी १९८२ रोजी संप सुरू झाला. डॉ. दत्ता सामंतांच्या मागे सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले. महिन्या-दोन महिन्यांत मिटेल असे सगळे म्हणत होते. तो अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. वडील निवृत्त झाले होते, पण अण्णा संपात होता. मेंबर पैसे कुठून देणार? आईने जेवण बंद केले नाही. भात कमी केला, मटण बंद झाले, पण पान वाढले. एकेक मेंबर गावाला जात राहिला. शेवटी वहीत सहा हजारांच्या वर येणे राहिले. एकाने चार वर्षांनी मनीऑर्डर केली, एकाने तांदळाचे पोते आणून टाकले. बाकीच्यांच्या नावावर आईने काट मारली नाही आणि मागायलाही कोणाला पाठवले नाही. त्या वर्षी माझ्या वर्गातल्या साठांपैकी अकरा मुलांनी शाळा सोडली. गिरणगावात काय झाले ते मला हजेरीपटात दिसत होते.

पुढचे सर्वांना ठाऊक आहे. १९९१ च्या नियमाने गिरण्यांची जमीन महापालिका, म्हाडा आणि मालक अशा तिघांत वाटली जायची होती. २००१ च्या बदलाने वाटणी फक्त मोकळ्या जागेपुरती उरली आणि २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने तो बदल कायम केला. त्यामुळे घरांच्या आणि मैदानांच्या वाट्याला फार थोडे आले.

करी रोडच्या पुलावरून आम्ही लोअर परळला गेलो. फिनिक्सची चिमणी उभी आहे, खाली मॉल. शेवटचा मुक्काम एका गिरणीच्या आवारातल्या हॉटेलात होता. छताला बॉबिनींचे दिवे टांगलेले आणि मेनूकार्डावर 'खाणावळ थाळी', ७५० रुपये. नातीने लगेच हिशेब केला, "म्हणजे पणजीच्या एका मेंबरचं साडेबारा महिन्यांचं जेवण!" रुपयाची किंमत तेव्हा वेगळी होती, हे मलाही कळते. थाळी चवीला बरी होती, आमटी तर चांगलीच होती. मी मात्र बसल्या बसल्या बाहेर जायचा दरवाजा कुठे आहे ते पाहून घेतले. २९ डिसेंबर २०१७ रोजी याच भागात कमला मिलच्या आवारातल्या हॉटेलांना आग लागून १४ जण गेले. ती गोष्ट फेरीत नव्हती.

आता मुद्द्याचे. आमची ती खोली आज माझ्या भाच्याकडे, म्हणजे अण्णाच्या मुलाकडे आहे. चाळ पुनर्विकासाला जाणार आहे आणि संमतीपत्रावर सह्या चालू आहेत. मी त्याच्या विरोधात नाही. मजल्याच्या टोकाला सामाईक संडास, पावसाळ्यात टेकू लावलेला जिना, यांचे कौतुक तिथे न राहणाऱ्यांनी करावे. दहा बाय बाराच्या जागी किमान ३०० चौरस फुटांचे घर मिळणार, तेही स्वतःच्या संडास-न्हाणीसह. ते कोणी का नाकारावे?

पण भाच्याची बायको त्या खोलीत पोळ्या-भाजीचे चाळीस डबे करते. आईचाच धंदा तिसऱ्या पिढीत. फेरी संपल्यावर मी आणि नात तिच्याकडे चहाला गेलो तेव्हा ती म्हणाली, "आत्या, घर मोठं मिळेल हो. पण बाविसाव्या मजल्यावर धंदा करू देतील का? डबेवाला वर येईल का? आणि महिन्याचा मेंटेनन्स कशातून भरू?" भाचा म्हणाला, "परवडलं नाही तर विकू आणि बदलापूरला जाऊ." ती काहीच बोलली नाही. तिची गिऱ्हाइके इथे आहेत, बदलापूरला नाहीत.

मी तिला एवढेच सांगितले की सही करण्याआधी हे लेखी मागा. चाळीत तुझ्यासारख्या किती जणी आहेत ते मोज. कोणी पापड करते, कोणी मसाले, कोणी डबे. सगळ्याजणी मिळून तळमजल्यावर एक सामाईक स्वयंपाकघर, नाहीतर दोन गाळे करारात घालून घ्या. मिळेलच असे नाही. पण एकटीने मागितले तर हसतील, आठजणींनी मागितले तर निदान कागदावर येईल. आईला बँकेने कर्ज दिले ते गटालाच दिले होते.

नातीने तिथेच बसून यादी केली. अकरा नावे निघाली. त्यातल्या नऊ जणी 'गृहिणी' म्हणून ओळखल्या जातात. नातीने प्रत्येकीच्या नावापुढे व्यवसाय लिहिला आणि महिन्याची उलाढालही. ती बेरीज ऐकून भाचा गप्पच झाला. म्हणाला, "एवढं या चाळीतनं जातं?"

वाचकांपैकी कोणाच्या चाळीचा असा करार झाला असेल आणि त्यात घरगुती धंद्याची काही तरतूद करून घेतली असेल, तर जरूर कळवा. मसुदा असेल तर फारच उत्तम. पुढच्या महिन्यात चाळीची सभा आहे आणि या अकराजणी पहिल्यांदाच पुढच्या रांगेत बसणार आहेत.