मांबळमचं देणं

1989 साली लग्न होऊन मी दादरहून मद्रासला आले. पश्चिम मांबळममध्ये दोन खोल्या भाड्याने मिळाल्या. खाली घरमालक आणि त्यांची पत्नी. सगळी गल्ली त्यांना मामा-मामी म्हणायची, मीही म्हणू लागले. तमिळचा गंध नव्हता. भाजीवालीला बोटं दाखवायची, कंडक्टरसमोर नुसतं हसायचं. माहेरी बडबडी म्हणून प्रसिद्ध असलेली मी तीन महिने मुकी झाले होते. रात्रीचं माझं रडणं मामींच्या नजरेतून सुटलं नाही.

एका रविवारी मामांनी मला खाली बोलावलं. ते निवृत्त शाळामास्तर. दूरदर्शनवर जुना तमिळ चित्रपट चालू होता, त्याचा आवाज त्यांनी पूर्ण बंद केला. "आधी तोंडं बघ. काय म्हणतायत ते तू सांग." पडद्यावर आई वाढत होती, मुलाने पानावर हात आडवा धरला. मी म्हणाले, "पुरे." मामांनी आवाज वाढवला आणि मुलगा बोलला, "पोदुम!" मला उमगलेला तो पहिला तमिळ शब्द.

दर रविवारी हेच. तुमच्यात 'ळ' आहे म्हणजे अर्धं काम झालं, असं ते म्हणायचे. आपण 'तमिळ' लिहितो खरं, पण त्या शेवटच्या अक्षराला जीभ आणखी मागे वळवावी लागते. ते मला जमेपर्यंत मामी डबऱ्यातली (पसरट वाटीतली) कॉफी ओतून ओतून निववत बसायच्या.

ही युक्ती कुठून सुचली, असं मी एकदा विचारलं. मामा म्हणाले, "लहानपणी तंबूत मूकपट बघितले ना! आणि तू दादरची. राजा सँडो तुमच्याच गावात मोठा झाला."

मी नावही ऐकलं नव्हतं. पी. के. नागलिंगम हा पुदुकोट्टईचा कसरतपटू. जगप्रसिद्ध पहिलवान युजिन सँडोवरून त्याला हे नाव पडलं. मुंबईत येऊन 1923 च्या 'वीर भीमसेन'मध्ये तो चमकला. पुढे दादरच्या कोहिनूर कंपनीत आला आणि 1926 च्या 'टायपिस्ट गर्ल'मध्ये सुलोचना आणि गोहर यांच्याबरोबर झळकला. पडदा मुका होता, म्हणून तमिळ माणसाला मुंबईत नायक होता आलं. भाषा आड आली नाही. मला हे ऐकताना भरून आलं होतं.

मग 14 मार्च 1931 ला गिरगावच्या मॅजेस्टिकमध्ये 'आलम आरा' लागला. त्याचा नायक आपला मास्टर विठ्ठल, मूकपटांचा मोठा तारा. पण उर्दू उच्चार जमेनात, म्हणून त्याच्या वाट्याला संवाद फारसे ठेवलेच नाहीत. त्याच वर्षी 31 ऑक्टोबरला मद्रासमध्ये 'कालिदास' आला आणि पडदा तमिळ बोलू लागला. सँडोने हिंदी बोलपटांत कामं केली, पण खरं काम केलं ते स्वतःच्या भाषेत. बोलपट येण्याआधीच तो मद्रासला येऊन मूकपट दिग्दर्शित करत होता. 1935 मध्ये, पौराणिक कथांची चलती असताना, त्याने वडुवूर दुरैसामी अय्यंगारांच्या कादंबरीवरून 'मेनका' काढला. 'त्यागभूमी'वाले के. सुब्रह्मण्यम त्याच्याच हाताखाली तयार झाले. 1943 मध्ये कोइमतूरला तो वारला. तमिळनाडू सरकार त्याच्या नावाने पुरस्कार देतं. मुंबईत त्याची आठवण कुणी काढत नाही, हे मला अजूनही लागतं.

मामांनी माझ्याकडे एकच गोष्ट मागितली होती. "मुंबईला गेलीस तर त्याच्या तिथल्या सिनेमाचा एखादा फोटो आण." मी जुन्या बाजारात फिरले, ओळखीपाळखीत विचारलं, पण काही हाती लागलं नाही. 1998 मध्ये मामा गेले. तेराव्याला आलेल्या माणसांशी मी दिवसभर तमिळमध्येच बोलत होते.

आपले बहुतेक मूकपट नष्ट झाले आहेत. वाचकहो, आजोबांच्या ट्रंकेत कोहिनूरची एखादी जाहिरात, पुस्तिका, फोटो सापडला तर रद्दीत घालू नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात नेऊन द्या.