गोडवा वगळून

विकिपीडियाच्या धूळपाटीवर, म्हणजे सरावाच्या पानावर, मुलांनी लिहिलेला पहिला मसुदा उघडला की माझा हात आधी विशेषणांकडे जातो. वऱ्हाडीवरची नोंद असेल तर 'रांगडी', 'मातीतली', 'काळजाला भिडणारी'. अहिराणी असेल तर 'गोड'. मालवणी असेल तर 'मिस्कील', आणि कोल्हापूरकडची कुठलीही बोली असेल तर 'रगेल' ठरलेलंच. बोलींबद्दल असं लिहायची आपल्याकडे फार जुनी रीत आहे. गॅदरिंगच्या भाषणापासून रविवारच्या पुरवणीपर्यंत सगळीकडे ती खपून जाते. ज्ञानकोशात खपत नाही, कारण तिथं वाचायला आलेल्या माणसाला वऱ्हाडी आवडायची नसते. ती काय आहे, कुठं बोलतात, कशी वेगळी आहे, एवढं त्याला हवं असतं.

मी मराठी शिकवते. राहते मेडशीला, नोकरीला जाते एसटीनं. अकोल्याहून वाशीमकडं निघालं आणि पातूरचा घाट मागे पडला की आमचं गाव लागतं. तालुका मालेगाव, विद्यापीठ अमरावतीचं. एम.ए.ची काही पोरं-पोरी सुटीच्या दिवशी माझ्या ओसरीवर जमतात. कुणी पातूरकडून येतं, कुणी मालेगावकडून, दोघं तांड्यावरचे आहेत. मराठी विकिपीडिया १ मे २००३ ला सुरू झाला, म्हणजे यातली बरीच पोरं त्याच्याहून लहान. त्याच्यावर आसपासच्या बोलींच्या आणि भाषांच्या नोंदी लिहायच्या, असलेल्या दुरुस्त करायच्या, हा आमचा उद्योग. याला गुण नाहीत, हजेरी नाही. ते मी मुद्दाम ठेवलं आहे. २०११ मध्ये पुण्यात शेकडो विद्यार्थ्यांना इंग्रजी विकिपीडियावर लिहायला बसवण्याचा एक मोठा प्रयोग झाला होता. पोरांनी पुस्तकांतले आणि संकेतस्थळांवरचे उतारे जसेच्या तसे डकवले, ते निस्तरता निस्तरता स्वयंसेवकांच्या नाकी नऊ आले आणि वर्ष संपायच्या आत तो गुंडाळावा लागला. गुणांसाठी लिहायला लावलं की उतारे येतात, हे कुठल्याही मास्तराला विचारा.

तर एका पोराचं वाक्य होतं: 'वऱ्हाडी ही विदर्भातील अत्यंत गोड व रांगडी बोली असून तिच्यात आपुलकीचा ओलावा आहे.' मी विचारलं, कशावरून? तो म्हणाला, "मॅडम, मी सोता बोलतो ना तिच्यात!" म्हटलं, मग बोल. तो बोलत गेला, आणि बाकीच्यांनी कागदावर फक्त तेवढंच टिपलं जे पुस्तकी मराठीपेक्षा निराळं ऐकू आलं. 'मला'ऐवजी 'मले'. 'करतो आहे'ऐवजी 'करून राह्यलो'. 'डोळा'चा 'डोया', 'काळा'चा 'काया'. हे झाल्यावर सगळ्यांचं मत पडलं की वऱ्हाडीत 'ळ' नाही, तसं लिहून टाकू. पण तोच पोरगा मघाशी 'इकळे या' म्हणाला होता, आणि घोड्याला 'घोळा'. पुन्हा कागद तपासला. शेवटी त्या ओल्या, रांगड्या वाक्याच्या जागी हे वाक्य बसलं: 'प्रमाण मराठीतील ळच्या जागी वऱ्हाडीत अनेकदा य येतो, तर दोन स्वरांमधील ड पुष्कळदा ळ होतो.' पोरगा आपल्याच वाक्याकडे जरा वेळ बघत राहिला. "मंजे आमच्यापाशी ळ आहे, निस्ता भलतीकडेच ठेवेल हाये." हे वाक्य नोंदीत घेता येत नाही याचं मला मनापासून वाईट वाटलं.

पण इथं काम अर्धंही झालेलं नसतं. विकिपीडियावर मूळ संशोधन चालत नाही. ओसरीवर बसून कानांनी टिपलेला नियम कितीही बरोबर असला तरी त्याला छापील आधार लागतो, नाहीतर कुणीतरी येऊन वाक्याच्या शेपटाला 'संदर्भ हवा' अडकवून जातं, आणि ते योग्यच असतं. मुलांना हे फार लागतं. माझी आजी असंच बोलते, मी असंच बोलतो, आणि मला पुरावा विचारता? मी त्यांना सांगते की पुरावा तुझ्या आजीसाठी नाही, केरळात किंवा कॅनडात बसून वाचणाऱ्यासाठी आहे. तुझी आजी त्याला भेटणार नाही.

मग ग्रिअर्सन निघतो. त्याच्या भारताच्या भाषिक सर्वेक्षणाचा सातवा खंड मराठीचा, १९०५ चा. स्वामित्वहक्क कधीच संपलेला, स्कॅन करून जालावर ठेवलेला, कुणालाही उघडता येतो. मुलं शोधाच्या चौकटीत 'वाशीम' टाकतात आणि हात हलवत परत येतात. त्या पुस्तकातलं नाव 'बाशीम' आहे. इंग्रजांच्या वऱ्हाडात बाशीम हा वेगळा जिल्हा होता. १९०५ मध्येच तो मोडला, त्यातला बराच भाग अकोल्यात घातला, आणि पुन्हा जिल्हा व्हायला १ जुलै १९९८ उजाडावा लागला. ज्या वर्षी खंड निघाला त्याच वर्षी जिल्हा गेला. असल्या गोष्टी माहीत नसतील तर जुनं पुस्तक हातात असूनही उघडत नाही.

ग्रिअर्सनची एक युक्ती मला आजही शिकवायला बरी पडते. प्रत्येक भाषेत त्यानं बायबलातली उधळ्या मुलाची तीच एक गोष्ट सांगून घेतली. गोष्ट एकच असल्यानं दोन बोली शेजारी ठेवल्या की फरक आपोआप वर येतो. बापाला दोन मुलगे होते, या पहिल्याच वाक्यात चतुर्थीचा प्रत्यय हाती लागतो, 'होते'चं रूप लागतं, 'मुलगा'साठी कुठला शब्द आहे तेही कळतं. अर्थात सांगणारा कोण होता, शिरस्तेदार की शेतकरी, हा प्रश्न उरतोच. कचेरीत बसवून लिहून घेतलेली बोली थोडी इस्त्री केलेली असते. म्हणून त्याच्या जोडीला मी डेक्कन कॉलेजनं राज्य मराठी विकास संस्थेबरोबर केलेलं मराठीच्या बोलींचं अलीकडचं सर्वेक्षण उघडायला लावते, ज्याचं काम सोनल कुलकर्णी-जोशी यांनी चालवलं. आणि गणेश देवींच्या लोकसर्वेक्षणाचा अरुण जाखडे यांनी संपादित केलेला महाराष्ट्राचा खंड. तीन ठिकाणी एकच गोष्ट सापडली तर ती निवांत लिहावी. एकाच ठिकाणी सापडली तर 'अमुकांच्या मते' म्हणून लिहावी. वेगवेगळ्या ठिकाणी वेगवेगळ्या गोष्टी सापडल्या तर त्या सगळ्या लिहाव्यात आणि गप्प बसावं. हे गप्प बसणं आम्हा वऱ्हाडी माणसांना जड जातं.

तांड्यावरचा जो एक पोरगा आहे, त्याची नोंद गोरमाटीची, म्हणजे बंजारा भाषेची. आमच्या जिल्ह्यातच बंजारा समाजाची पोहरादेवी, तेव्हा ही भाषा इथं परकी नाही. बाजारात, एसटीत रोज कानावर पडते. त्याचं घोडं माहितीचौकटीतच अडलं. चौकटीत एक रकाना असतो: भाषकसंख्या. २०११ च्या जनगणनेत लमाणी किंवा लंबाडी बोलणारे ३२ लाखांच्या वर आहेत, आणि बंजारी बोलणारे निराळे, १५ लाखांच्या वर. दोन्ही आकडे छापले आहेत हिंदीच्या पोटात. पोरानं दोन्हींची बेरीज केली आणि चौकटीत टाकली. साधी बेरीज करायला कुणाची ना नाही. पण दोन्ही नावांखाली सगळीकडे तीच भाषा मोजली गेली आहे का, हे बेरीज सांगत नाही. बरीच हुज्जत झाली. शेवटी चौकटीत दोन आकडे दोन ओळींवर राहिले, आणि हे दोन्ही हिंदीखाली मोजले आहेत हे वाक्य मजकुरात आलं. लिपीच्या रकान्यात देवनागरी, तेलुगू, कन्नड अशा तिन्ही लिहिल्या, कारण जिथं तांडा तिथली लिपी. पोराला वाटत होतं की एवढ्यानं आपली भाषा दुबळी दिसते. मला ते पटत नाही. एकाच भाषेला तीन लिप्यांत लिहिणारी माणसं आहेत, हे वाचून कुणाला ती दुबळी वाटेल?

नावाचं भांडण मात्र लवकर मिटलं. लमाणी, बंजारा, गोरबोली अशा सगळ्या नावांची पानं एकाच पानाकडे पुनर्निर्देशित केली.

याहून अवघड निघाले ते जुने ग्रंथ. संदर्भ हवा म्हटलं की मुलं एकोणिसाव्या शतकातल्या इंग्रज अधिकाऱ्यांपर्यंत पोचतात, आणि त्या पुस्तकांत भाषेच्या आधी चोरी येते. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याचा तो काळ. कायदा १९५२ मध्ये गेला, पण वाक्यं छापलेलीच राहिली, आणि छापील असल्यामुळं नियमानं 'संदर्भ' म्हणून चालतात. तांड्यावरच्या पोरानं असलं एक पान वाचलं आणि लॅपटॉप मिटवला. मी त्याला समजावायला गेले नाही. पुढच्या खेपेला तोच म्हणाला, त्या माणसानं क्रियापदांबद्दल लिहिलंय ते घेतो, माणसांबद्दल लिहिलंय ते घेत नाही. मी त्यात भर घातली ती एवढीच, की माणसांबद्दलचं कधी घ्यावंच लागलं तर वर्ष आणि हुद्दा वाक्यातच लिही. 'बंजारा असे असतात' आणि '१८८० च्या सुमारास एका पोलीस अधिकाऱ्याने असे लिहिले' यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. तटस्थता म्हणजे कलेक्टराचं वाक्य जसंच्या तसं उचलणं नव्हे.

निहालीच्या बाबतीत हीच गोष्ट जास्त टोकाला जाते. बुलढाणा जिल्ह्यात, जळगाव जामोदकडे सातपुड्याच्या पायथ्याशी दोन-अडीच हजार माणसं ही भाषा बोलतात. तिच्यात कोरकूचे, मराठीचे, द्राविडी भाषांचे शब्द भरपूर. पण ते सगळे बाजूला काढले तरी जो गाभा उरतो त्याचं जगातल्या कुठल्याच भाषेशी नातं सिद्ध झालेलं नाही. दहा हजारांहून कमी भाषक असलेल्या भाषा जनगणना वेगळ्या छापत नाही, म्हणून आकडाही अभ्यासकांकडूनच घ्यावा लागतो. डच पंडित कायपर यांनी १९६२ मध्ये तिच्यावर पुस्तक लिहिलं आणि ही चोरट्यांची सांकेतिक बोली असावी का, अशी शंका त्यात चर्चेला घेतली. आशा मुंडले यांचा निहाली शब्दसंग्रह १९९६ चा. पुढं डेक्कन कॉलेजच्या शैलेंद्र मोहन यांनी तिथं जाऊन काम केलं. एका पोरीच्या मसुद्यात कायपरची शंका पहिल्याच परिच्छेदात होती, कारण ती वाचायला चटकदार आहे. आम्ही ती खाली, संशोधनाच्या इतिहासात नेली. वर राहिलं ते ठिकाण, भाषकसंख्या, आणि नातं सिद्ध न झाल्याची गोष्ट. नोंदीत काय खरं आहे याइतकंच ते कितव्या ओळीवर आहे यानंही वाचणाऱ्याचं मत बनतं, आणि हे कुठल्याही धोरणाच्या पानावर धड लिहिलेलं मला सापडलेलं नाही.

या सगळ्यात आजीचं काय करायचं? तिचं बोलणं संदर्भ म्हणून चालत नाही, पण आवाज ठेवता येतो. शब्दांचे उच्चार ध्वनिमुद्रित करून विकिमीडिया कॉमन्सच्या भांडारात चढवले की ते विक्शनरी या शब्दकोशात आणि नोंदीतही वापरता येतात. त्यासाठी आम्ही तांड्यावर गेलो. म्हातारीनं अंगणात पोतं टाकून दिलं, फोन एका उलट्या पातेल्यावर ठेवला. नातवाशी गोरमाटीत बोलणारी बाई माझ्याकडं वळली की लगेच वऱ्हाडी धरायची, म्हणून मी भिंतीपाशी सरकले आणि नातवालाच विचारू दिलं. पण त्याआधी परवाना समजावून सांगायचा होता. मुक्त परवाना म्हणजे एकदा दिलं की दिलं; कुणीही वापरू शकतं, धंद्यासाठीसुद्धा.

"हे फोनातलं कोन कोन आयकन?"

"कोणीबी, आजी."

"इकतीन का कोनी?"

नातू 'नाही' म्हणणार होता, मी हातानं थांबवलं. म्हटलं, कुणी विकलं तर आपल्याला अडवता येत नाही. तिनं थोडा विचार केला. मग म्हणाली, शब्द घ्या, धान्याचे, नात्याचे, जनावरांचे, काय पायजे ते घ्या, ढावलो नाही. लग्नात पोरगी सासरी निघताना रडत म्हणायचं ते, आज काही कुणाचं लग्न नाही. 'याडी'पासून, म्हणजे आईपासून, सुरुवात झाली. दुपारभर शब्द आले, मधेमधे शेळ्या ओरडल्या, तेवढी मुद्रणं परत करावी लागली. ढावलोची नोंद लिहायची तेव्हा छापील पुस्तकांवरून लिहू. आवाजाची फाईल तिथं नसेल.

आताशा एक नवीनच प्रकार येतो. मुलं यंत्राकडून मसुदा करून आणतात, आणि त्यात सगळी विशेषणं पुन्हा हजर असतात: 'समृद्ध वारसा', 'सांस्कृतिक ठेवा', 'अनमोल'. माणसानं लिहिलेल्या 'रांगडी'त निदान थोडी हौस असते. दोन्ही थोपवायला मी आता एक नियमच केला आहे: आपल्या घरच्या भाषेची नोंद आपण लिहायची नाही, शेजारी बसलेल्यानं लिहायची आणि आपण त्याला चुका दाखवायच्या. वऱ्हाडीवाला गोरमाटी लिहितो, तांड्यावरचा वऱ्हाडी. घरच्याला जे सांगायची गरजच वाटत नाही, ते शेजारी विचारतो. तांड्यावरच्यानं वऱ्हाडीच्या नोंदीत 'येजो', 'सांगजो' ही रूपं घातली, मायबोलीवाल्याच्या ती ध्यानातच आली नव्हती.

सध्या ओसरीवर आंध समाजाच्या बोलीचा विषय निघाला आहे. भाषांच्या आंतरराष्ट्रीय संकेतावलीत तिला तीन अक्षरांचा स्वतंत्र संकेत आहे, एएनआर. पण आमच्या भागातले आंध मराठीच बोलतात असं आसपासची माणसं सांगतात. पहिल्या वाक्याचं क्रियापदच ठरत नाही. 'भाषा आहे' म्हणावं, की 'नोंदवली आहे'? एक पोरगी 'आहे'साठी हटून बसली आहे, दुसरी म्हणते आधी त्या गावांत जाऊन ऐकू, कुठल्या तरी नियतकालिकात छापू, मग कुणीतरी ते इथं आणेल. पान अजून उघडलेलं नाही. धूळपाटीवर नुसती संदर्भांची यादी चढते आहे, आणि काल मी त्यातलं एक नाव काढलं. ती कुठल्याशा मेळाव्याची स्मरणिका होती. पुढाऱ्यांचे फोटो भरपूर होते, भाषेबद्दल चकार शब्द नव्हता.