शिवाराखालचा गॅस

युरियाचे पोते पाठीवर घेताना आपण गॅस वाहून नेतो आहोत, असे कुणाच्या मनात येत नाही. पण युरियाचा जन्म नैसर्गिक गॅसपासूनच. गॅसमधला हायड्रोजन आणि हवेतला नत्र एकत्र आणून अमोनिया करतात आणि अमोनियापासून युरिया. १९७४ च्या फेब्रुवारीत 'सागर सम्राट'ने मुंबईच्या पश्चिमेला भर समुद्रात तेल शोधले. १९७६ पासून मुंबई हायचे तेल निघू लागले, त्यासोबत गॅसही. ऐंशीच्या दशकात अलिबागजवळ थळला खताचा मोठा कारखाना उभा राहिला तो या समुद्रातल्या गॅसच्या जोरावर.

आता देशाला लागणारा जवळजवळ निम्मा गॅस बाहेरून येतो. त्यामुळे दूर कुठे लढाई पेटली, की भरणीच्या वेळी आमच्या मुरगूडच्या दुकानापुढे रांग लागते. पोते पावणेतीनशेच्या आत मिळते खरे, पण वरचा भार सरकार उचलते म्हणून.

गेल्या वर्षी अशाच रांगेत एका काकांनी मला गाठले. "साहेब, आमच्या हिरीखाली गॅस लागंल का वो?" अमेरिकेत खडक फोडून गॅस काढतात आणि जमीनमालकाला त्यातला वाटा मिळतो, हे त्यांनी नातवाच्या मोबाईलवर पाहिले होते.

मी म्हटले, "काका, वेदगंगेकाठचा आपला काळा पाषाण म्हणजे थंड झालेला लाव्हारस. साडेसहा कोटी वर्षांचा. त्यात गॅस होत नाही. गॅस होतो जुन्या समुद्राच्या, दलदलीच्या गाळात, जीव-वनस्पती दबून आणि तापून."

शेल हा अशाच गाळाचा, पाटीसारखे पापुद्रे सुटणारा खडक. गॅस त्यात कोंडून बसतो. म्हणून खोलवर आडवे बोअर मारून पाणी, वाळू आणि थोडी रसायने प्रचंड दाबाने सोडतात. खडक तडकतो, वाळू त्या भेगा उघड्या धरते आणि गॅस वर येतो. २०११ साली पश्चिम बंगालमध्ये दुर्गापूरजवळ ओएनजीसीला असा गॅस लागला, पण अमेरिकेसारखे मोठे उत्पादन आपल्याकडे उभे राहिले नाही. शिवाय आपल्या देशात जमिनीखालचे तेल-गॅस सरकारचे. मालकाला मिळायची ती फक्त जमिनीची भरपाई.

काका हिरमुसले. मग म्हणाले, "आन् पाणी किती जातंय त्येला?"

प्रश्न नेमका होता. एका विहिरीला दीड-दोन कोटी लिटर सहज लागते. काकांनी कपाळाला हात लावला. मी तिथेच पोत्यावर खडूने हिशेब मांडला. पाटाने पाणी दिलेला एक एकर ऊस वर्षाला ऐंशी लाख लिटरच्या आसपास पितो. म्हणजे शेलची एक विहीर आणि आपला दोन-अडीच एकर ऊस सारखाच. फरक एवढाच, की तिथून वर येणारे पाणी खारट आणि घाण असते, ते सांभाळणे हीच मोठी डोकेदुखी. रांगेतले चार जण हसले, दोघांना राग आला. मला तो राग बरा वाटला. ठिबकवर मी दहा सभा घेतल्या, पण पाण्याचा आकडा असा कधी कुणाच्या अंगाला लागला नव्हता.

मग युरियाचाही हिशेब झाला. सुरू उसाला हेक्टरी अडीचशे किलो नत्राची शिफारस, म्हणजे एकरी जेमतेम पाच पोती, तीही चार हप्त्यांत. काका आठ टाकत होते.

"तुमच्या परसात गोबरगॅसची टाकी होती ना?" मी विचारले. तीत होणारा गॅसही तोच, मिथेन. दोन घनमीटरच्या टाकीला रोज पन्नास किलो शेण लागते, चार-पाच जनावरांचे. काकांच्या दावणीला चार म्हशी. टाकी मात्र बारा वर्षे बंद.

पुढच्या आठवड्यात गवंडी घेऊन गेलो. घुमट शाबूत होता, आत निम्मी माती. काका उसाकडे स्लरीचा पाट काढायच्या गोष्टी करू लागले, तर काकी मागून म्हणाल्या, "पहिली माझ्या वांग्यांना. उसाचं मग बघू."