मुक्काम पोहरादेवी, वेळ साठ मिनिटं!

आठवतोय का तो पांढऱ्या कपड्यातला ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’? शाळेच्या लॅबमध्ये सरांची पाठ वळली रे वळली की सुरू व्हायचा! साठ मिनिटांत राजकन्येला सोडवा, नाहीतर खेळ खल्लास. माझा प्रिन्स मात्र राहायचा पोहरादेवीला, मामाच्या जुन्या पीसीत.

गेल्या रामनवमीला खूप वर्षांनी आजोळी गेले. वाशिम जिल्ह्यातल्या मानोरा तालुक्यातलं हे गाव म्हणजे बंजारा समाजाची काशी. संत सेवालाल महाराजांची समाधी, जगदंबा देवीचं मंदिर आणि यात्रेची तुफान गर्दी. जो भेटेल तो ‘जय सेवालाल’ म्हणणार! नंगारा वाद्याच्या आकाराचं म्युझियमही पाहिलं. ५ ऑक्टोबर २०२४ ला त्याचं उद्घाटन झालं. गेलात तर चुकवू नका.

संध्याकाळी मामेभावाने लॅपटॉप उघडला. “ताई, तुझा प्रिन्स!”

मी उडालेच. गेम १९८९ चा, डॉसवर आला १९९० मध्ये. आजचं ६४ बिट विंडोज असले १६ बिट प्रोग्राम चालवतच नाही. पण ‘डॉसबॉक्स’ नावाचं फुकट सॉफ्टवेअर नव्या मशीनच्या पोटात अख्खं जुनं मशीन उभं करतं. गेम फार सुसाट पळायला लागला, तर कंट्रोल आणि एफ ११ दाबायचं. झाला हळू!

“याचा मूळ कोड हरवला होता,” तो सांगत होता. २०१२ मध्ये गेम बनवणाऱ्या जॉर्डन मेकनरच्या वडिलांना फ्लॉपी सापडल्या आणि त्याने कोड सगळ्यांसाठी खुला केला. प्रिन्सची ती धाव, त्या उड्याही मेकनरच्या धाकट्या भावाच्या. व्हिडिओ शूट करून त्यावरून काढलेल्या.

माझ्या धाकट्या भावाने तर लेव्हल एडिटर घेऊन स्वतःची लेव्हलच बांधली होती. एका लेव्हलला जास्तीत जास्त २४ खोल्या मिळतात. त्यात त्याने आमचं पाडलेलं जुनं घर बसवलं होतं. ओसरी, माजघर, मागचं दार. मामी ओरडायची तिथे काटे! आणि मामाचं कॉम्प्युटर टेबल असायचं त्या कोपऱ्यात, आयुष्य वाढवणारी मोठी बाटली.

मामा गेला तेव्हा मी आले नव्हते. डेडलाइन होती. तो विषय भावाने काढला नाही, मीही नाही.

ओसरीतच मी दोनदा मेले.

“परत खेळ,” तो म्हणाला.

शेवटची एसटी कधीच निघून गेली होती. मी परत खेळले.